ठेव की देणगी : ठाण्यातील एका महाविद्यालयीन संग्रहालयाचे प्रकरण

ठाण्याच्या जुन्या वस्तीतील एका महाविद्यालयात प्राचार्यपद आणि इतिहास संग्रहालयाची जबाबदारी ही दोन्ही कामे अकरा वर्षे एकाच बाईंकडे होती. त्यांच्या निवृत्तीला जेमतेम वर्ष उरले असताना एका जुन्या ठाणेकर कुटुंबातील नातवाने, आजोबांनी संग्रहालयाकडे दिलेल्या वस्तू परत मिळाव्यात असा अर्ज केला. अर्ज दीड पानाचा होता; त्याचा निकाल लागायला सात महिने गेले. मी त्या काळात तेथे ग्रंथपाल होतो आणि या अर्जासाठी नेमलेल्या तिघांच्या समितीत माझाही समावेश होता. जे घडले ते मी जवळून पाहिले आहे, आणि लहान संग्रहालये सांभाळणाऱ्या इतरांना ते उपयोगी पडेल असे वाटते म्हणून येथे मांडत आहे. संस्थेचे आणि संबंधितांचे नाव मुद्दाम दिलेले नाही.

मॅडम मूळच्या इतिहासाच्या. अधिव्याख्याता म्हणून रुजू झाल्या तेव्हा संग्रहालय म्हणजे दुसऱ्या मजल्यावर जिन्यालगतची एक खोली होती. ती उभी करणारे प्राध्यापक नुकतेच वारले होते, आणि किल्ली कोणी घ्यावी हा प्रश्न निघाल्यावर विभागातील सर्वांत कनिष्ठ म्हणून ती त्यांच्याकडे आली. खाडीकडून येणाऱ्या दमट हवेमुळे पावसाळ्यात त्या खोलीच्या पश्चिमेकडील भिंतीला ओल धरते. मॅडमनी पहिले काम केले ते कपाटे भिंतीपासून वीतभर पुढे ओढण्याचे. त्यानंतर दर ऑक्टोबरमध्ये, हवा कोरडी झाली की, प्रत्येक रुमाल, म्हणजे कापडात बांधलेले जुन्या कागदांचे गाठोडे, सोडायचा, कागद सावलीत मोकळे करायचे, वेखंडाच्या पुरचुंड्या बदलायच्या आणि पुन्हा बांधायचे, हा त्यांचा नेम झाला. मोडी त्या तेव्हाच शिकल्या, कारण वाचता येत नाहीत ते कागद किती दिवस नुसते राखत बसणार, असे त्यांचे म्हणणे होते.

प्राचार्य झाल्यावर संग्रहालय दुसऱ्या कोणाकडे सोपवावे असे विश्वस्तांनी सुचवले होते. मॅडमनी ते मानले नाही. त्यामागे त्यांचा विचार होता आणि त्या विचाराला एक आदर्शही होता. शिक्षकांच्या बैठकीत त्या जॉन लॉकवुड किपलिंगचे उदाहरण अनेकदा देत. हा माणूस १८६५ मध्ये मुंबईच्या सर जमशेटजी जीजीभाई कला विद्यालयात वास्तुशिल्पाचा अध्यापक म्हणून आला. क्रॉफर्ड मार्केटच्या, म्हणजे आजच्या महात्मा फुले मंडईच्या, दर्शनी भागावरील शिल्पपट्ट आणि आतील कारंजे त्याच्या नावावर आहेत. १८७५ मध्ये तो लाहोरला गेला आणि मेयो कला विद्यालयाचे प्राचार्यपद व लाहोर संग्रहालयाचे संग्रहपालपद ही दोन्ही कामे त्याने १८९३ पर्यंत, म्हणजे अठरा वर्षे, एकत्र सांभाळली. सुतार-कारागिरांच्या घरांतील मुले विद्यालयात शिकत आणि संग्रहालयातील वस्तू समोर ठेवून रेखाटने करत. त्यांतलाच भाई राम सिंग पुढे इतका मोठा कलावंत झाला की व्हिक्टोरिया राणीच्या ऑस्बोर्न येथील निवासस्थानातील दरबार दालनाची रचना त्याने केली, आणि कालांतराने तो त्याच मेयो विद्यालयाचा प्राचार्यही झाला. संग्रहालय हे वर्गाचेच दुसरे दालन आहे आणि दोन्हींची किल्ली एकाच हातात असली की वस्तू मुलांपर्यंत पोहोचते, हा धडा मॅडमनी त्या कारकिर्दीतून घेतला होता.

आणि तो त्यांनी अमलातही आणला. इतिहासाच्या प्रत्येक विद्यार्थ्याने संग्रहातील एक वस्तू घ्यायची, ती मोजायची, तिचे वजन करायचे, चित्र काढायचे, तिच्यावर दोन पाने लिहायची आणि ती पाने अंतर्गत मूल्यमापनात धरायची, अशी पद्धत त्यांनी घालून दिली. शिवराई या जुन्या नाण्यावर लिहायला बसलेला मुलगा तांबे, टांकसाळ आणि बाजारभाव या तिन्ही वाटांनी कसा फिरून येतो, हे मी ग्रंथालयातील त्याच्या मागणीच्या चिठ्ठ्यांवरून पाहिले आहे. प्राचार्यपद हाती असल्यामुळे कपाटांना निधी मिळाला, खिडक्यांना पडदे आले आणि एक अर्धवेळ सहायकही नेमता आला. ही बाजू खरी आहे, आणि पुढे जे सांगायचे आहे त्यामुळे ती खोटी ठरत नाही.

अर्जदार गृहस्थ चाळिशीतले होते. त्यांचा खारकर आळीतील वाडा पुनर्विकासाला गेला होता, नव्या सदनिकेत देवघर करायचे होते आणि आजोबांनी महाविद्यालयात दिलेले देवांचे पाच चांदीचे टाक, समयांची जोडी आणि मोडी कागदांचे दोन रुमाल त्यांना परत हवे होते. बोलणे सौजन्याचे होते. निघताना ते एवढेच म्हणाले, "मॅडम, सभागृहाच्या दुरुस्तीसाठी आमच्या कुटुंबाकडून काही रक्कम द्यायचा विचार आहे. या दोन गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध नाही, पण तुमच्या कानावर घालून ठेवतो." त्यांच्या हेतूबद्दल मला तेव्हाही शंका नव्हती आणि आजही नाही. पण ते वाक्य ज्यांच्याशी बोलले गेले त्या सभागृहाच्या दुरुस्तीसाठी दोन वर्षे दारोदार फिरणाऱ्या प्राचार्या होत्या, आणि त्याच वेळी त्या कपाटातील वस्तूंच्या राखणदारही होत्या.

मॅडमनी दाखल नोंदवही काढली. तीन ओळींच्या नोंदीत देणाऱ्याचे नाव, तारीख आणि 'मोडी रुमाल २, समई २, टाक ५' इतकेच होते. वस्तू कशी मिळाली, म्हणजे देणगी, ठेव, खरेदी की सापडलेली, यासाठी त्या नोंदवहीत रकानाच नव्हता. जुन्या पत्रव्यवहाराच्या फायलीत आजोबांचे मूळ पत्र मात्र मिळाले. त्यात लिहिले होते : "मुलांना पाहावयास मिळावे म्हणून आपल्या संग्रही ठेवावयास पाठवीत आहे. पोच द्यावी."

'ठेवावयास' या एका शब्दावर पुढचे सात महिने फिरले. नातवाचे म्हणणे, ठेवायला दिले म्हणजे ठेव. ठेव परत करावी लागते. संस्थेच्या एका विश्वस्तांचे म्हणणे, संग्रही ठेवायला दिले म्हणजे संग्रहाला दिले. घेतलेले दान परत कसे मागता येईल? मराठीत दोन्ही अर्थ तितकेच सरळ आहेत. समितीत एक वकील होते. त्यांनी समजावून सांगितले की १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्यानुसार जंगम वस्तूचे दान नुसत्या ताब्याच्या देवाणघेवाणीनेही पूर्ण होऊ शकते, मात्र देणाऱ्याच्या हयातीत ते स्वीकारले गेले पाहिजे. आणि १८७२ च्या करार कायद्यानुसार वस्तू विशिष्ट हेतूने दुसऱ्याच्या हवाली केली असेल तर घेणाऱ्याने ती स्वतःच्या वस्तूसारखी जपावी आणि हेतू संपल्यावर परत करावी. बाहेरून पाहणाऱ्याला दोन्ही प्रसंग सारखेच दिसतात. एकाने वस्तू दिली, दुसऱ्याने घेतली. फरक फक्त देणाऱ्याच्या मनात असतो, आणि तो कागदावर उतरला नाही तर देणाऱ्याबरोबरच जातो.

ही उणीव आमच्या गावात तरी राहायला नको होती, असे मॅडम त्या दिवसांत फार कळवळून म्हणाल्या. १७८७ मध्ये ठाण्याच्या किल्ल्यात खोदकाम चालू असताना शिलाहार राजा अरिकेसरीचा ताम्रपट सापडला. तो शके ९३९ चा, म्हणजे इ. स. १०१७ चा, त्याचे भाषांतर पुढच्याच वर्षी कलकत्त्याच्या 'एशियाटिक रिसर्चेस'च्या पहिल्या खंडात छापले गेले. शिलाहारांच्या दानपत्रांत देणारा कोण, घेणारा कोण, तिथी कोणती आणि जमिनीच्या चारही सीमा काय, हे सारे नोंदलेले असते. दान मोडणाऱ्याला शापवचनेही असतात, आणि कोकणात तोच शाप गधेगाळीच्या, म्हणजे गाढवाचे चित्र असलेल्या शापशिळेच्या, रूपाने दगडावर कोरून गावाच्या वेशीवर उभा केलेला आढळतो. अलीकडचेही उदाहरण आहे. पुण्याच्या दिनकर केळकरांनी आयुष्यभर जमवलेला संग्रह १९७५ मध्ये महाराष्ट्र शासनाच्या स्वाधीन केला, तो मालकीबद्दल कोणाच्या मनात संशय राहणार नाही अशा रीतीने. आमच्या नोंदवहीत मात्र एक रकाना कमी पडला.

अर्जावर कार्यालयीन टिप्पणी तयार करणे ही पुढची पायरी होती. मॅडमनी ती स्वतः लिहायला घेतली आणि संध्याकाळी मला बोलावून तो कागद पुढे सरकवला. वर 'प्रेषक : संग्रहालय प्रमुख' आणि खाली 'प्रति : मा. प्राचार्य' असे लिहिले होते. दोन्ही त्याच. त्या कागदावर त्यापुढे एक अक्षरही नव्हते. दुसऱ्या दिवशी त्यांनी विश्वस्त मंडळाला पत्र दिले : सभागृहाच्या देणगीचा उल्लेख माझ्याकडे झाला आहे, त्यामुळे या अर्जाचा निर्णय मी घेणे योग्य नाही, तिघांची समिती नेमावी आणि तिच्या बैठकांना मी हजर राहणार नाही. इतकी वर्षे दोन पदे एकत्र ठेवण्याचा आग्रह धरलेल्या व्यक्तीला ते पत्र लिहिणे सोपे गेले नसणार.

समितीने प्रथम वस्तू पाहायच्या ठरवल्या. रुमाल जागेवर होते, टाक जागेवर होते. समई एकच होती. सहायकाने सगळी कपाटे उपसली, मी ग्रंथालयाचा माळा पाहिला, प्रयोगशाळांची कोठारे पाहून झाली. शेवटी जुन्या छायाचित्रांच्या अल्बममध्ये उत्तर सापडले. काही वर्षांपूर्वीच्या वार्षिक स्नेहसंमेलनात सरस्वतीच्या प्रतिमेच्या दोन्ही बाजूंना त्याच दोन समया पेटलेल्या दिसत होत्या. दीपप्रज्वलनासाठी संग्रहालयातून समया आणाव्यात असे प्राचार्यांच्या कार्यालयातून सांगितले गेले होते, शिपायाने त्या नेल्या होत्या आणि कार्यक्रमानंतर एकच परत आली होती. कोणत्याही संग्रहालयात वस्तू खोलीबाहेर काढायची तर मागणीचे पत्र, संग्रहपालाची सही, परतीची तारीख आणि परत आल्यावर तपासणी इतके तरी लागते. येथे यातले काहीच झाले नव्हते, कारण मागणारी आणि देणारी व्यक्ती एकच होती आणि स्वतःकडे स्वतः पत्र कोण लिहिणार? प्राचार्य म्हणून त्यांनी सांगितले ते संग्रहपाल म्हणून त्यांना परवानगीसारखे वाटले. दोन पदे एकत्र असण्यातला खरा धोका मला त्या छायाचित्रात दिसला. लाहोरच्या उदाहरणातून हा धोका लक्षात येत नाही. तेथे दोन्ही संस्था सरकारी होत्या आणि वस्तू ज्यांच्या घरांतून आल्या ती माणसे आपल्या नोंदी तपासायला येतील अशी वेळ संग्रहपालावर आजच्यासारखी येत नसे. त्या कारकिर्दीतून शिकवणे घेता येते, हिशेब घेता येत नाही.

मॅडमना हे कळवले तेव्हा त्यांनी अल्बम मागवला, छायाचित्र बराच वेळ पाहिले आणि अर्जदारांना त्याच दिवशी स्वतः दूरध्वनी केला. समिती सांगेल तोपर्यंत थांबावे असे काहींनी सुचवले होते. त्या थांबल्या नाहीत.

दरम्यान वकिलांनी वारसांची यादी मागितली होती. अर्जदार एकटेच आले होते, पण आजोबांच्या वस्तू म्हणजे त्यांच्या सर्व वारसांच्या, आणि मुलींनाही त्यात मुलांइतकाच हक्क. अर्जदारांचे एक धाकटे भाऊ परदेशात होते आणि ऐरोलीला एक आत्या होत्या, वय ऐंशीच्या पुढे. आत्यांना या अर्जाची कल्पना नव्हती. अर्जदारांनी ते लपवले होते असे नाही. आत्यांना विचारायला हवे हे त्यांच्या लक्षातच आले नव्हते.

आम्ही ऐरोलीला जाणार होतो, पण आत्या म्हणाल्या, मलाच कॉलेजात यायचे आहे. रिक्षातून उतरून दोन जिने त्या हळूहळू चढल्या. रुमाल टेबलावर ठेवला आणि गाठ सोडली. जाड हातकागदावर आधी आडवी रेघ पूर्ण ओढून तिच्याखाली बोरूने लटकवलेली ती मोडी अक्षरे, आणि शाई टिपायला टाकलेल्या वाळूचे कण अजून अक्षरांना चिकटलेले. खिडकीतल्या उजेडात कागद जरासा तिरका झाला की ते चमकत. आत्यांनी एका कागदावरून बोटाचे टोक फिरवले, दोन-तीन कण बोटाला लागले ते पाहिले आणि पुन्हा कागदावरच झटकले.

मग त्या भाच्याकडे वळून म्हणाल्या, "अरे, टाक बाबांनी दिले नव्हते. आपल्या वाड्यात चोरी झाली होती, तेव्हा मास्तरांकडे सांभाळायला ठेवले होते. नवरात्रात घट बसायच्या आदल्या दिवशी बाबा येऊन घेऊन जायचे आणि दसरा झाला की परत आणून द्यायचे. मी बरोबर यायची." आणि कागद? "कागद कधी परत आणले नाहीत. घरात कोणाला वाचता येत नाहीत, इथे मुलं वाचतील, असं म्हणायचे ते."

आठवण ही पुरावा म्हणून किती धरावी, हा प्रश्न वकिलांनी योग्य रीतीने उपस्थित केला. मी जुन्या जावक नोंदवह्या काढल्या. संग्रहालय सुरू करणाऱ्या प्राध्यापकांच्या हयातीतली तीन वर्षे अशी मिळाली की त्यांत आश्विनाच्या सुमारास 'टाक ५, घरी' आणि पंधरवड्यात 'टाक ५, जमा' अशा जोडनोंदी होत्या. रुमालांबद्दल किंवा समयांबद्दल तशी एकही नोंद नव्हती. एकाच पत्रातील एकाच क्रियापदाने आजोबांनी टाक ठेव म्हणून दिले होते आणि कागद देणगी म्हणून, असा निष्कर्ष समितीने काढला. समयांबाबत पुरावा कोणत्याच बाजूने नव्हता.

त्यानुसार पाचही टाक सर्व वारसांच्या सह्या घेऊन कुटुंबाला परत केले गेले. संग्रहातून वस्तू जाऊ नये हा आग्रह मी समजू शकतो, पण घरच्या देवांचे टाक पूजेत असणे आणि काचेमागे असणे यांत काय अधिक उचित, याविषयी आमच्यात मतभेद झाला नाही. मोडी कागदांबाबत वारसांनी नव्याने बक्षीसपत्र करून दिले आणि सर्व पानांची स्कॅन केलेली प्रत त्यांना दिली गेली. धाकट्या भावांना त्यांतला एक कागद चौकटीत लावण्यासाठी परदेशी न्यायचा होता; तो देता आला नाही. १९७२ च्या पुरावस्तू व कलानिधी कायद्याने पंचाहत्तर वर्षांहून जुना, ऐतिहासिक मोलाचा दस्तऐवज पुरावस्तू ठरतो आणि खासगी व्यक्तीला तो देशाबाहेर नेता येत नाही. त्यांनी छायाप्रतीवर समाधान मानले. सभागृहासाठीची रक्कम पुढे आली की नाही, याची चौकशी समितीने केली नाही.

त्या वर्षाच्या अखेरीस मॅडमनी संग्रहालयाचा कार्यभार इतिहास विभागातील एका तरुण प्राध्यापकाकडे दिला. निवृत्तीपूर्वीचे उरलेले महिने त्या केवळ प्राचार्य होत्या, आणि निरोप समारंभाच्या वेळी त्यांच्या कार्यालयातून संग्रहालयाकडे एका जुन्या नकाशासाठी जे लेखी मागणीपत्र गेले, त्यावर त्यांची सही होती. नव्या प्राध्यापकांनी परतीची तारीख विचारून घेतली. समितीतील तिसऱ्या सदस्यांचे मत होते की ही दोन पदे कोठेही, कधीही एकत्र असू नयेत. मला ते पटत नाही. प्राचार्याला जिव्हाळा नसेल तर अशा खोलीची दोन वर्षांत अडगळ होते, हे मी ठाण्यातच पाहिले आहे. विद्यार्थ्यांनी वस्तू हातात घेऊन लिहिलेली ती शेकडो पाने मॅडम दोन्ही पदांवर होत्या म्हणूनच लिहिली गेली. पण वस्तू आत घेणे, बाहेर पाठवणे आणि परत करणे, या तीन कामांवर दुसऱ्या कोणाची तरी सही असलीच पाहिजे, मग प्रमुख कितीही जाणते आणि सचोटीचे असोत.

नवी दाखल नोंदवही मॅडमनी जाण्यापूर्वी स्वतः आखून दिली. 'कसे प्राप्त' हा तिचा तिसरा रकाना आहे. जुन्या नोंदी उतरवून घेताना बहुतेक ठिकाणी तेथे 'अनिश्चित' असे लिहावे लागले. समयांच्या ओळीत लाल शाईने त्यांच्या अक्षरात नोंद आहे : 'मूळ संख्या २. प्रत्यक्ष १. दुसरी प्राचार्य कार्यालयाच्या तोंडी सूचनेवरून बाहेर गेली, परत आली नाही.' खाली त्यांची सही आणि तारीख आहे. उरलेली समई घेऊन जावी असे आम्ही आत्यांना सुचवले होते. त्या म्हणाल्या, "राहू दे इथेच. दुसरी सापडली तर तिला यायला जागा नको का?"